आधी बैठक मोजा, मग टीव्ही आणा



दसरा जवळ आला की रोह्याजवळच्या वरसेतल्या कितीतरी घरांत रात्रीच्या जेवणाला एकच विषय असतो. यंदा टीव्ही बदलायचा का, आणि बदलायचा तर केवढा घ्यायचा? धाटावच्या कारखान्यांत बोनसची वाट पाहणं सुरू असतं, रोह्याच्या बाजारपेठेत दुकानांबाहेर खोकी रचलेली असतात आणि शेजारच्या बिल्डिंगमधल्या मित्राकडचा पंचावन्न इंची टीव्ही आपल्या पोरांनी आधीच पाहून ठेवलेला असतो. त्यात २२ सप्टेंबर २०२५ पासून ३२ इंचांपेक्षा मोठ्या टीव्हींवरचा जीएसटी २८ टक्क्यांवरून १८ टक्क्यांवर आला. लहान टीव्हीला कर कमी, मोठ्याला जास्त, हा फरक मिटला. त्यामुळे ‘थोडे पैसे घाला आणि मोठाच न्या’ हा दुकानातला आग्रह आता मोडवत नाही.

दुकानात किंमत विचारतात, कंपनी विचारतात, हप्ते किती महिन्यांचे तेही विचारतात. टीव्ही कुठल्या भिंतीवर लागणार आणि तुमची मुलं कुठे बसणार, हे मात्र कुणी विचारत नाही. विचारावं अशी अपेक्षाही नको, कारण ते काम आपलं आहे. मला तुमच्याशी बोलायचंय ते एवढंच: टीव्ही केवढा घ्यायचा हे घरात सर्वांत जवळ बसणारं लेकरू आणि सर्वांत लांब बसणारी आजी, या दोघांनी मिळून ठरवायचं असतं. बाकीचं सगळं त्यानंतर.

आधी इंचांचा हिशेब समजून घेऊ. टीव्ही ४३ इंची म्हणजे त्याचा पडदा एका कोपऱ्यापासून समोरच्या तिरक्या कोपऱ्यापर्यंत ४३ इंच. शाळेत शिकलो तो कर्ण. खोक्यावर तोच आकडा सेंटिमीटरमध्ये लिहिलेला असतो: ३२ इंची म्हणजे ८० सेंटिमीटर, ४३ म्हणजे १०८. भिंतीला मात्र कर्ण लागत नाही, रुंदी आणि उंची लागते. ३२ इंची पडदा साधारण ७१ सेंटिमीटर रुंद आणि ४० उंच, ४३ इंची ९५ रुंद आणि ५४ उंच, ५० इंची १११ रुंद आणि ६२ उंच, ५५ इंची १२२ रुंद आणि ६८ उंच. भोवतीच्या चौकटीसाठी दोन-तीन सेंटिमीटर जास्त धरा.

‘आमच्याकडे एकवीस इंची होता, आता बत्तीस म्हणजे दीडपट मोठा’ असं आपण सहज म्हणून जातो. पण जुना टीव्ही चौकोनी वळणाचा होता, चारास तीन. आताचा लांबट, सोळास नऊ. एकवीस इंची जुन्या टीव्हीवर माणसाचा चेहरा जेवढा उंच दिसायचा, तेवढा दिसायला आताचा साधारण २६ इंची टीव्ही लागतो. म्हणजे बत्तीस इंची घेतला तरी उंचीत वाढ होते ती पावपटच. जुन्या सवयीने अंदाज बांधला की फसगत होते ती इथे. म्हणून अंदाज सोडा आणि टेप काढा.

मोजायचं काय? टीव्हीचा पडदा जिथे येणार तिथून बसलेल्या माणसाच्या डोळ्यांपर्यंतचं अंतर. भिंतीपासून भिंतीपर्यंत मोजू नका. सोफ्यावर टेकून बसलेल्या माणसाचं डोकं मागच्या भिंतीपासून दीडएक फूट पुढे असतं आणि टीव्ही त्याच्या स्टँडसकट अर्धा फूट खातो. दहा फूट रुंदीच्या हॉलमध्ये खरं अंतर उरतं आठ फूट. हे अंतर फुटांत लिहा आणि तीन सोपे गुणाकार करा. पाचने गुणलं की किमान आकार मिळतो, साडेसातने गुणलं की ऐसपैस आकार आणि दहाने गुणलं की ज्याच्या वर जाऊ नये असा आकार. उत्तर थेट इंचांत येतं.

हे आकडे हवेतले नाहीत. पडदा नजरेचा किती कोन व्यापतो, त्यावरून ते निघतात. सिनेमा आणि टीव्हीच्या अभियंत्यांची एसएमपीटीई नावाची जुनी अमेरिकी संस्था आहे. तिच्या शिफारशीनुसार पडद्याने नजरेचा ३० अंशांचा कोन व्यापावा. साडेसातपट आली ती त्यातून. घरातच थिएटरची मजा हवी असणारे ४० अंशांपर्यंत जातात, ती दहापट. पाचपटीने कोन वीस अंशांचा होतो. बातम्या, मालिका आणि क्रिकेटला तो रोजच्या वापरात पुरतो.

आता वर म्हटलेल्या हॉलचं उदाहरण घेऊ. आजी सोफ्यावर, आठ फुटांवर. तिच्यासाठी पाचपट म्हणजे ४० इंच, साडेसातपट म्हणजे ६०. दुकानात एवढाच हिशेब केला तर पंचावन्न इंची अगदी योग्य वाटेल. पण धाकटा सोफ्यावर बसतो का? तो पुढच्या चटईवर, टीव्हीपासून पाच फुटांवर पालथा पडलेला असतो. त्याच्यासाठी दहापटीची मर्यादा येते ५० इंचांवर. पंचावन्न इंची त्याला फार मोठा. चित्राच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत त्याची मान फिरत राहणार. दोघांचं मिळून उत्तर निघतं चाळीस ते पन्नास. दुकानात त्या पट्ट्यात ४३ आणि ५० मिळतात. त्रेचाळीस घ्या, पैसेही वाचतील.

दहा बाय दहाच्या खोलीत, पलंगावर बसूनच सगळे टीव्ही पाहतात आणि अंतर सहा फूट आहे, तर ३० ते ४५. बत्तीस इंची तिथे गरिबाघरचा म्हणून घ्यायचा नाही, बरोबर बसतो म्हणून घ्यायचा.

जुन्या घरात पडवीच्या टोकाला टीव्ही असतो. तिथे आजोबांची आरामखुर्ची बारा फुटांवर आणि नातवंडं पाचावर. आजोबांना निदान साठ इंची हवा, नातवंडांना पन्नासच्या वर नको. हे गणित टीव्हीने सुटत नाही, खुर्चीने सुटतं. आजोबांची खुर्ची तीन फूट पुढे घ्या, पोरांची चटई फूटभर मागे ओढा. फुकटात काम होतं. एक जास्तीचा फायदाही होतो. लांब बसणाऱ्यासाठी आवाज वाढवला की पुढे बसलेल्या मुलाच्या कानावर तो आदळतो. सगळे जवळजवळ बसले की आवाज कमी ठेवता येतो. रात्रपाळी करून आलेला माणूस दिवसा आतल्या खोलीत झोपलेला असतो, त्या घरात याची किंमत कळते.

मोठ्या टीव्हीची आणखी एक बाजू दुकानात दिसत नाही. तिथे पडद्यावर मुद्दाम केलेली फोर-के चित्रफीत चालू असते, मोराच्या पिसातला तंतू न् तंतू दिसतो. घरी आपण डिशवरून किंवा केबलवरून साध्या दर्जाचे चॅनेल लावतो. त्या चित्रात जेमतेम ५७६ रेषा असतात, फुल एचडीत १०८०, फोर-केत २१६०. चित्र जितकं ताणाल तितकं ते पातळ होतं. साध्या चॅनेलचं चित्र ४३ इंची पडद्यावर आठ फुटांवरून किंचित मऊ दिसेल, पण चालेल. पंचावन्न इंचीवर त्याच जागेवरून चेहरे धुरकट दिसू लागतात. मग घरचे म्हणतात, ‘एवढे पैसे घातले आणि जुनाच बरा होता.’ टीव्हीचा दोष नसतो, अंतराचा असतो.

उलट बाजूही तितकीच खरी. निरोगी डोळा किती बारीक फरक ओळखतो याला मर्यादा आहे. ४३ इंची पडद्यावर साडेपाच फुटांच्या पलीकडून फुल एचडी आणि फोर-के यांतला बारकाव्यांचा फरक डोळ्याला कळत नाही. पंचावन्न इंचीवर ही सीमा सातएक फुटांची. आता ४३ इंचांपासून पुढे बहुतेक टीव्ही फोर-केच येतात, त्यामुळे तो घेऊ नका असं मी म्हणणार नाही. पण ‘फोर-के आहे म्हणून मोठा घ्या’ या मोहात पडू नका. आठ फुटांवरच्या सोफ्याला त्याचा उपयोग नाही.

आकार ठरला की उंची. इथे बहुतेक घरांत चूक होते, कारण बसवायला आलेला मुलगा उभ्याने पाहून छिद्रं पाडतो. टीव्ही दाराच्या चौकटीच्या उंचीला जाऊन बसतो आणि खाली बसलेल्या पोरांच्या माना तासभर वर. वर पाहताना पापणी जास्त उघडी राहते, डोळे लवकर कोरडे पडतात. पडद्याचा मध्य बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या रेषेत असावा. सोफ्यावर बसणाऱ्यांसाठी तो जमिनीपासून साधारण साडेतीन फुटांवर येतो, खाली बसणाऱ्यांसाठी अडीच फुटांच्या आसपास. आपल्याकडे दोन्ही प्रकारची माणसं एकाच खोलीत असतात, तेव्हा मध्य तीन फुटांवर घ्या आणि टीव्ही खाली दिसतो म्हणून हळहळू नका. छिद्रं पाडण्याआधी जुनी वर्तमानपत्रं जोडून टीव्हीच्या मापाचा कागद भिंतीवर चिकटवा. दोन दिवस तो तसाच ठेवा. घरातला प्रत्येक जण आपापल्या जागी बसून बघेल आणि कुणाला काय खटकतं ते आपोआप बोलेल.

भिंत निवडताना आपल्या पावसाची आठवण ठेवा. पावसाचा मारा झेलणारी बाहेरची भिंत जुलैत ओल धरते. टीव्ही शक्यतो आतल्या भिंतीवर लावा. खिडकीच्या अगदी समोर लावलात तर दुपारी पडद्यात चित्रापेक्षा खिडकीच जास्त दिसेल. भिंत जुनी मातीची असेल तर जाणत्या माणसाला विचारल्याशिवाय वजन टांगू नका. टेबलावर ठेवणार असाल तर मागून पट्टीने भिंतीला बांधा. आताचे टीव्ही हलके आणि पायाला अरुंद असतात; खणाला लोंबकळणाऱ्या दोन वर्षांच्या मुलाच्या अंगावर तो यायला क्षण पुरतो. आणि मेघगर्जना सुरू झाली की मुख्य प्लग आणि डिशची वायर दोन्ही काढायची. हे काम घरातल्या मोठ्या माणसाचं, पोरांचं नाही.

आणखी एक, खास आपल्याकडचं. ज्या भिंतीवर टीव्ही लावायचा विचार करताय, तिथे भाद्रपदात गणपती बसतो का? पेणच्या कार्यशाळेतून मूर्ती येणार, मखर उभं राहणार, मुंबईचे चाकरमानी येणार, आरतीला खोली भरणार. तेव्हा टीव्ही उतरवायचा की पडद्याआड ठेवायचा हे आधीच ठरवा, नाहीतर गणपती कोपऱ्यात आणि टीव्ही मखराच्या जागी असा प्रकार होतो. पडद्याआड ठेवलात तर फारच छान. दीड दिवस असो की पाच दिवस, टीव्ही बंद असूनही घर भरलेलं राहतं, हे मुलं तेव्हा पाहतात. आपणही पाहतो.

आता तुमच्या मनातल्या मुख्य भीतीकडे येते. ‘जवळ बसू नको, डोळे जातील!’ हे वाक्य आपण आपल्या आईकडून ऐकलं आणि आता मुलांना ऐकवतो. या धाकाला बळ देणारी एक खरी गोष्ट घडली होती. १९६७ साली अमेरिकेत जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या काही मोठ्या रंगीत टीव्हींमधून मर्यादेपेक्षा जास्त क्ष-किरण बाहेर पडत असल्याचं उघडकीला आलं. पुढच्याच वर्षी तिथे अशा उपकरणांच्या किरणोत्सर्गावर कायदा झाला. त्या टीव्हीत प्रचंड दाबाच्या विजेवर चालणारी काचेची नळी होती. आजच्या एलईडी टीव्हीत ती नळीच नाही, त्यामुळे ते किरणही नाहीत. जवळून टीव्ही पाहिल्याने डोळ्यांना कायमची इजा होत नाही, असं अमेरिकेतली नेत्रतज्ज्ञांची संघटनाही सांगते. डोळे थकतात, कोरडे पडतात, डोकं दुखतं. विश्रांती घेतली की ते ओसरतं.

म्हणजे जवळ बसलेल्या मुलाकडे दुर्लक्ष करायचं का? अजिबात नाही. फक्त ओरडायचं नाही, बघायचं. मुलांच्या डोळ्यातलं भिंग लवचीक असतं, जवळचं पाहणं त्यांना मोठ्यांपेक्षा सोपं जातं, म्हणून ती सहज पुढे सरकतात. पण मागे बसवल्यावर मूल पुन्हा पुन्हा पुढे येत असेल, डोळे बारीक करत असेल, मान तिरकी करून पाहत असेल, फळ्यावरचं उतरवताना चुका करत असेल, तर त्याला लांबचं नीट दिसत नसण्याची शक्यता मोठी आहे. टीव्हीने डोळे बिघडवलेले नसतात, बिघडलेल्या डोळ्यांची खबर दिलेली असते. घरच्या घरी एवढं करा: मुलाला सोफ्यावर बसवा, एक डोळा झाकायला लावा आणि बातम्यांच्या खालच्या पट्टीतली अक्षरं वाचायला सांगा. मग दुसरा डोळा. दोन डोळ्यांत फरक जाणवला किंवा तुम्हाला दिसतं ते त्याला दिसलं नाही, तर नेत्रतपासणी करून घ्या. शाळा-अंगणवाड्यांत राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं पथक तपासणीला येतं, त्या दिवशी मूल घरी ठेवू नका. आणि पथकाने डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जायला सांगितलं, तर ‘एवढ्या लहान वयात चष्मा?’ म्हणून टाळाटाळ नको.

खरी गफलत आपण दुसरीकडेच करतो. टीव्हीसमोरून मुलाला उठवतो आणि जेवताना त्रास नको म्हणून हातात मोबाइल देतो. आठ फुटांवरच्या पडद्यासाठी डोळ्याला जो जोर लावावा लागतो, त्याच्या आठपट जोर फूटभर अंतरावरच्या मोबाइलला लागतो. शिवाय मोबाइल फूटभरावर थांबतही नाही, पांघरुणात शिरला की नाकाशी येतो. मूल काहीतरी पाहणारच असेल तर मोबाइलपेक्षा भिंतीवरचा टीव्ही कधीही बरा. तो लांब असतो, सगळ्यांना दिसतो आणि मुलं काय पाहतायत ते स्वयंपाकघरातूनही तुम्हाला ऐकू येतं. म्हणूनच टीव्ही एकच असावा आणि तो बाहेरच्या खोलीत असावा. जुना टीव्ही मुलांच्या खोलीत लावून देऊ नका.

डोळ्यांसाठी सर्वांत मोठं औषध मात्र घराबाहेर आहे. चीनमधल्या ग्वांगझू शहरात पहिलीच्या मुलांवर तीन वर्षांचा प्रयोग झाला, तो २०१५ साली प्रसिद्ध झाला. काही शाळांनी रोज चाळीस मिनिटांचा जादा तास मैदानात घेतला, बाकीच्यांनी नेहमीचं वेळापत्रक ठेवलं. तीन वर्षांत नेहमीच्या शाळांत शंभरातल्या जवळजवळ चाळीस मुलांना लांबचा चष्मा लागण्याजोगा दोष आला, मैदानातल्या शाळांत तीस मुलांना. फरक करणारी गोष्ट होती उघड्यावरची ती चाळीस मिनिटं. वरसेत ती फुकट आहेत. पावसाचे चार महिने मुलं घरात कोंडली जातात हे खरं, तेव्हा टीव्हीचे तास वाढतात. पण उघडीप मिळाली की चप्पल घालून बाहेर काढा. चिखलाचे कपडे धुता येतात.

आणि तास किती? दोन वर्षांच्या आत कुठलाच पडदा नको, दोन ते पाच वर्षांच्या मुलांना मोठ्यांच्या सोबतीने जास्तीत जास्त एक तास, पाच ते दहा वर्षांच्या मुलांना दोन तासांच्या आत, असं भारतीय बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेचं २०२१ चं मार्गदर्शन आहे. यात टीव्ही आणि मोबाइल दोन्ही मिळून आले. टीव्ही बत्तीस इंची असो की पासष्ट, ही मर्यादा बदलत नाही. मोठा टीव्ही घेतला की तो जास्त पाहिला जातो, ही धास्ती असेल तर टीव्ही लहान करून उपयोग नाही. वेळ ठरवावी लागते आणि ती आधी मोठ्यांनी पाळावी लागते. रात्री नऊला मुलाला ‘अभ्यास कर’ सांगून आपण मालिका लावली, तर मूल दाराआडून तीच मालिका पाहणार. तेही उभ्याने, तिरकं आणि लांबून.

म्हणून येत्या रविवारी एवढं करा. टेप मुलांच्या हातात द्या. आजीची जागा, धाकट्याची जागा, दोन्ही अंतरं त्यांनाच मोजू द्या, पाच आणि दहाचे गुणाकार त्यांनाच करू द्या. निघालेला आकडा, भिंतीची रुंदी आणि तुमची पैशांची मर्यादा एका चिठ्ठीवर लिहा आणि ती चिठ्ठी घेऊन दुकानात जा. ‘पाच हजार घाला, मोठा देतो’ असं कुणी म्हणालं तर चिठ्ठी मूलच पुढे करेल, कारण हिशेब त्याने स्वतः केलेला असेल. टीव्ही लागल्यावर महिनाभर लक्ष ठेवा. सगळे आपापल्या जागी बसून पाहत असतील तर माप बरोबर आलं. धाकटा तरीही पुढे सरकत असेल तर त्याचे डोळे तपासून घ्या. आणि टीव्ही बंद करायला कुणीच उठत नसेल, तर मोजायची गोष्ट अंतर नव्हे, वेळ आहे. त्यासाठी टेप लागत नाही, घड्याळ लागतं.